चुन्याची दोन घरे

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार कोणाचे, असे मला कोणी विचारले तर मी आईवडिलांच्या आधी सखारामजी मोजणीदार यांचे नाव घेतो. आईवडिलांना त्याचे वाईट वाटत नाही, कारण त्यांचेही म्हणणे तेच आहे. आमच्या घराण्यातला पहिला पदवीधर मी. माझ्या आजोबांना कागदावर अंगठा उठवताना कोणत्या हाताचा उठवायचा, हेसुद्धा दुसऱ्याने सांगावे लागे. तिथून बी.ए.पर्यंतच्या प्रवासात सखारामजींनी मला एक पैसाही दिला नाही. त्यांनी काय दिले, ते नीट सांगता यावे म्हणून हे लिहितो आहे.

सखारामजी सरकारी मोजणी खात्यातून निवृत्त होऊन वाशीमला आमच्या गल्लीत राहायला आले. सगळे त्यांना आबाजी म्हणत. उंच, सडसडीत, बाराही महिने अंगात कोट. हातात काळी छत्री, आणि तिच्या दांड्यावर चाकूने फूट-इंचांच्या खुणा कोरलेल्या. एखादी वस्तू स्थिर दिसली की ते ती मोजत, आणि अस्थिर दिसली तर ती स्थिर होण्याची वाट पाहत. गल्लीत म्हैस बसली की आबाजी छत्री घेऊन निघाले, हे लहान पोरांनाही माहीत होते. म्हशीची लांबी कळून काय करायचे, असे एकदा वडिलांनी विचारले. आबाजी म्हणाले, "उद्या तिनं रस्ता अडवला तं किती अडवला, हे सांगता आलं पाह्यजे."

आमच्या शेजारी दोन भाऊ वाटणी होऊन वेगळे झाले होते. अंगणाच्या मधोमध भिंत आली. अंगणातले निंबाचे झाड थोरल्याच्या बाजूला राहिले, पण दुपारनंतर सावली धाकट्याच्या अंगणात पडे. थोरल्याने सावलीचे भाडे मागितले. धाकटा म्हणाला, सावली घेऊन जा, मी अडवली नाही. भांडण हातघाईवर आले तेव्हा आबाजींनी मध्ये पडून सावलीची मोजणी केली. एक अख्खा दिवस ते सावलीच्या कडेने खुंट्या ठोकत हिंडत होते. संध्याकाळी त्यांनी निकाल दिला, "सकायची सावली थोरल्याची, दुपारची धाकट्याची. भर मध्यान्ही कोनाचीच नाई, तवा दोघंबी घरात जेवा." दोघांनी तो निकाल मानला. अजूनही तो पाळला जातो.

दुसरी एक आठवण पोहरादेवीच्या यात्रेच्या दिवसांतली आहे. एका बंजारा तांड्यातले कुटुंब यात्रेला पायी निघाले होते आणि आमच्या गल्लीत पाणी प्यायला थांबले. त्यांच्यातल्या म्हातारीने आबाजींना विचारले, "बाबा, पोहरादेवी किती दूर हाये?"

"कोनाच्या पावलानं?" आबाजींनी विचारले.

म्हातारीला वाटले, म्हातारा चेष्टा करतो. पण आबाजींनी म्हातारीला, तिच्या मुलाला, नातवाला आणि त्यांच्याबरोबरच्या नवसाच्या बकऱ्याला गल्लीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत चालायला लावले आणि प्रत्येकाला वेगवेगळे अंतर सांगितले. म्हातारी म्हणाली, "म्हंजे मी सगळ्याइच्या मांगून पोचीन?"

"व्हय. अन् बकरा सगळ्याइच्या आंधी."

"त्याले तं तिथं मराचंच हाये," म्हातारी म्हणाली, "त्याले कायची घाई?"

आबाजींनी बकऱ्याच्या पाठीवर छत्री धरली आणि न मोजताच खाली घेतली.

आता मुख्य गोष्ट. माझे वडील महादेवजी, शिंपी. दोन खणांचे आमचे घर आणि पुढे ओटा, ओट्यावर मशीन. मी मॅट्रिक पास झालो तेव्हा वडिलांनी ओट्यावरून जाणाऱ्या प्रत्येकाला थांबवून ते सांगितले. काहींना दोनदा. पण कॉलेज अमरावतीला होते आणि तिथे राहण्याजेवण्याला पैसे लागत. वडिलांनी कोणालाही न विचारता ठरवून टाकले, घर गहाण टाकायचे.

धनराजजी हे बाजारातले अडते. माणूस वाईट नव्हता. घर गहाण ठेवून चारशे रुपये द्यायला ते तयार झाले. व्याज शेकडा महिना दीड रुपया. व्याज दर महिन्याला द्यायचे, आणि मुद्दल दहा वर्षांनी एकदम.

वडिलांनी ही सगळी बोलणी आबाजींना मोठ्या समाधानाने सांगितली.

"महिन्याचे सहा रुपये, आबाजी. माही शिलाई सहा आने सदरा. म्हंजे पंधरा अन् एक, सोया सदरे. सोया सदरे तं मी डोये मिटून शिवीन."

"तुले सोया सदरेच दिसून राह्यले," आबाजी म्हणाले. "अन् घर?"

"घर कुठी चाल्लं? घर जागच्या जागी राहीन."

"राहीन का? बरं. उद्या दाखवतो."

दुसऱ्या दिवशी सकाळी आबाजी साखळी, खुंट्या, सुतळी आणि चुन्याच्या फक्कीची पिशवी घेऊन आले. आधी त्यांनी आमचे घर मोजले. भिंती, दारे, ओटा, मोरी, चुलीची जागा, देवळी, सगळे. मग ते समोरच्या बाजाराच्या मैदानात गेले आणि तिथे फक्कीने आमचे घर काढले. पूर्ण मापाचे. दाराच्या जागी रेघ मोकळी सोडली. ते झाल्यावर त्याला लागून तसेच दुसरे घर काढले. आणि त्याच्या पलीकडे तिसरे, पण ते नुसते ठिपक्यांचे. संध्याकाळ झाली तेव्हा त्यांचा कोट पांढरा झाला होता.

गल्लीतले लोक जमले होते. आबाजींनी वडिलांना पहिल्या घराच्या दारात उभे केले.

"पाह्य महादेव. महिन्याले सहा. सालाचे बहात्तर. दहा सालाचे सातशे वीस. ते झालं नुसतं व्याज. मुद्दलाचे चारशे त्यावर. झाले अकराशे वीस. तुह्यं घर आज बाजारात पाचशे साठले जाते. म्हंजे किती घरं झाले?"

वडील बोटांवर मोजू लागले.

"दोन. हे एक, अन् हे दुसरं. हे दोन घरं तू धनराजजीले देशीन, तवा कुठी तुह्यं ते घर तुह्यं राहीन. जे आजबी तुह्यंच हाये."

"अन् हे ठिपक्याचं?" कोणीतरी विचारले.

"मशीन मोडली, डोये गेले, दोनचार महिने व्याज तटलं, तं त्या व्याजावर व्याज चढन. तवा हे तिसरं. हे देवाच्या मर्जीवर हाये म्हनून ठिपके."

इतके साधे, डोळ्यांना दिसणारे गणित मी शाळेत कधी पाहिले नव्हते. मला वाटले, आता वडील घाबरतील. पण वडिलांनी दोन्ही घरे एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत पाहिली आणि त्यांचा चेहरा उजळत गेला.

"दोन घरं!" ते म्हणाले. "आबाजी, माह्या बापाजवळ बकरी बांधाले खुटा नव्हता. अन् मी... मी दोन घरं देऊन राह्यलो!"

ते धावतच घरी गेले आणि आईला घेऊन आले. "पाह्य, पाह्य वो! आपन एवढे देऊ शकतो!" शेजारी त्यांचे अभिनंदन करू लागले. सावलीच्या खटल्यातला थोरला भाऊ म्हणाला, "महादेवभाऊ, तुमी एवढे मोठे असान, असं कधी वाटलं नाई." आबाजी दुसऱ्या घराच्या ओट्याच्या जागी, म्हणजे मातीत, मटकन बसले.

पुढचे दिवस मला अजून नीट समजलेले नाहीत. आईने पहिल्याच सकाळी दोन्ही घरांच्या दारांत सडा घातला. "आखीर दुसऱ्याले जानार असलं तरी घर हाये ते," ती म्हणाली. दुसऱ्या घरात खिडकी नाही, हे तिला खटकले. आबाजींना तिने खिडकीसाठी इतकी गळ घातली की शेवटी त्यांनी फक्कीत चार बोटांची जागा पुसून दिली. आई त्या जागेपाशी उभी राहून बाहेर बघत असे. ती बाहेरच उभी होती, पण ती बाहेर बघत असे.

बाजाराच्या दिवशी केनवडची एक माळीण वांग्यांची टोपली घेऊन नेहमीच्या जागी येऊन बसली. आईने ओट्यावरून हाक मारली, "अवो बाई, चपला तं काढ! चूल हाये तिथं!"

"कुठी हाये चूल?"

"तू तिच्यावरच बसून राह्यली!"

माळीण दचकून उठली, जमिनीला हात लावून कपाळाला लावला आणि टोपली घेऊन ओट्याच्या जागी सरकली. तिथे तिची वांगी नेहमीपेक्षा लवकर विकली गेली, म्हणून पुढच्या बाजाराला ती आली ती दारातूनच.

धनराजजींनाही बातमी लागली होती. ते काठी टेकत आले, दाराच्या मोकळ्या जागेतूनच आत शिरले आणि दोन्ही घरे फिरून पाहिली. त्यांना ती आवडली. "महादेव," ते म्हणाले, "घरं चांगले हायेत. पन ह्या पैल्या घराची मोरी माह्या दुसऱ्या घराकडं उतरून राह्यली. हे बरोबर नाई." आबाजींनी मोरी पुसून दुसऱ्या बाजूला काढून दिली. मोजणीदार म्हणून मोरीचा उतार त्यांना मान्य होता.

तशात इंझोरीहून वडिलांचे मावसभाऊ आले. त्यांना वाशीमला काम लागले होते आणि जागा हवी होती. "भिंती नाई तं नाई," ते म्हणाले, "जागा तं मोकळी हाये ना?" त्यांनी दुसऱ्या घराच्या माजघरात सतरंजी टाकली आणि दुपारची झोप काढली. धनराजजींनी हे पाहिले. जे घर आपल्याला मिळायचे आहे त्यात कोणी फुकट झोपते, हे त्यांना सहन झाले नाही. त्यांनी भाडे मागितले. मावसभाऊ म्हणाले, छप्पर नाही तर भाडे कसले? दोघांचा आवाज इतका चढला की तो थेट म्युनिसिपालिटीपर्यंत गेला, आणि तिसऱ्या दिवशी तिथला जमादार आला.

"हे बांधकाम कोनाचं?" त्याने विचारले.

"कोनतं?" वडील म्हणाले.

"हेच. दोन घरं. अन् एक अर्धवट."

"जमादारसाहेब, ह्या तं रेघा हायेत!" आबाजी म्हणाले.

"आबाजी, मले सांगू नोका. लोक दारातून जाऊन राह्यले, एक मानूस आत झोपून राह्यला, दुसरा त्याले भाडं मागून राह्यला. मंग घर नाई कसं? घरपट्टी कोन भरीन?"

वडिलांनी अभिमानाने सांगितले, "घरं धनराजजीचे हायेत."

धनराजजी एकदम दोन पावले मागे सरले. घाईत ते भिंतीतून बाहेर पडले. "माहे कसे? मले अजून कुठी देल्ले तुनं? दहा सालानं देशीन. तवापर्यंत तुह्येच!"

"मंग पट्टी महादेवजीकडं," जमादार म्हणाला. "दहा साल."

वडील दोघांच्या मध्ये येऊन उभे राहिले. त्यांनी एकदा धनराजजींकडे पाहिले, एकदा जमादाराकडे.

"थांबा," ते म्हणाले. "घरं उभे कराचे म्या. पट्टी भराची म्या. डागडुजी म्या कराची. अन् राहाचं ह्यानं?"

"ते मले समजत नाई," जमादार म्हणाला. "मले मालकाचं नाव पाह्यजे."

वडील हळूहळू खाली बसले. आबाजी त्यांच्याजवळ जाऊन उकिडवे बसले.

"दोन्हीच्या दोन्ही?" वडिलांनी विचारले.

"दोन्ही."

"अन् मले त्याच्यात काय भेटते?"

"तुह्यं घर."

"ते तं हायेच."

"व्हय," आबाजी म्हणाले.

वडिलांनी वळून आमच्या घराकडे पाहिले. ओट्यावर मशीन होती, मशीनवर अर्धा सदरा होता. मग त्यांनी माझ्याकडे पाहिले आणि मान खाली घातली. घर गहाण पडणार नाही, हे मला त्या क्षणी कळले, आणि त्याबरोबर माझे कॉलेजही गेले, हेही कळले. गर्दीतले कोणीही हसत नव्हते.

"मंग पोट्ट्याचं कसं?" हा प्रश्न धनराजजींनीच विचारला. मी म्हटलेच आहे, माणूस वाईट नव्हता.

आबाजी म्हणाले, "पैसा माह्याजवळ नाई. पेन्शन माह्याच पोटाले पुरत नाई. पन धनराजजी, तुमचा मुनीम जागा पाहून राह्यला, खरं का?"

"पाहून राह्यला."

"महादेवचे खन दोन. एक खन मुनिमाले द्या भाड्यानं. येईन ते भाडं दर महिन्याले अमरावतीले. वार लावाले तिथं माह्या वळखीचे घरं हायेत, पोट्टं रोज एका घरी जेवीन. चार साल. पाचव्या साली मुनीम जाईन, खन परत. कोनाले दुसरं घर द्या लागत नाई."

"अन् आमी सगळे एका खनात मावू कसे?" आईने विचारले.

आबाजी उठले. त्यांच्या चेहऱ्यावर पहिल्यांदाच थोडे हसू आले. "ते मोजतो," ते म्हणाले.

त्यांनी ते खरोखर मोजले. उरलेल्या एका खणाच्या जमिनीवर त्यांनी फक्कीने प्रत्येकाची झोपायची जागा आखून दिली. आईची चुलीजवळ, माझी धाकटी बहीण यमुना हिची भिंतीकडे, तिच्याहून धाकट्या दोघांची मध्ये. वडील उंच होते. त्यांचे पाय उंबरठ्याबाहेर जात. आबाजींनी बराच विचार करून त्या पायांना मंजुरी दिली.

मैदानातली घरे मग कोणी राखली नाहीत आणि पुढच्या बाजाराच्या गुरांनी ती पुसून टाकली. जमादाराची पट्टीची मागणी मात्र घरे पुसल्यावरही दोन वर्षे येत राहिली.

मी अमरावतीला निघालो तेव्हा वाशीमच्या स्टेशनवर वडील रडत होते आणि त्या नादात डब्यातल्या सगळ्यांना मी मॅट्रिक पास असल्याचे सांगत होते. आबाजी आले होते. मी पाया पडलो. त्यांनी आशीर्वाद दिला नाही. "पाठ सरळ ठेव," एवढेच म्हणाले. गाडी हलली, आणि आबाजी माझ्या खिडकीबरोबर प्लॅटफॉर्मवर चालू लागले. नजर खाली, पावले सारखी टाकीत, ओठ हलवीत, एखादी मोजणी चालली असावी तसे. माझ्याकडे त्यांनी पाहिलेसुद्धा नाही. प्लॅटफॉर्म संपला तिथे ते थांबले. त्या प्लॅटफॉर्मची लांबी मी शाळेत असतानाच त्यांनी मला सांगितली होती.

मी कॉलेजात असतानाच ते मुलीकडे अकोटला राहायला गेले. त्यांना मी पुन्हा पाहिले नाही. बी.ए.चा निकाल लागल्यावर मी त्यांना पत्र पाठवले. ते मी दोनदा लिहिले होते, म्हणून त्याची एक प्रत माझ्याजवळ राहिली. ते असे:

तीर्थरूप आबाजींस कृतानेक साष्टांग नमस्कार विनंती विशेष.

मी बी.ए. पास झालो. वर्ग दुसरा. इथे वाशीमच्याच शाळेत मास्तर म्हणून जागा मिळाली आहे.

मुनीमजी गेल्या आठवड्यात खण सोडून गेले. जाताना ते आईच्या पाया पडले. वडिलांनी मधले दार उघडले आणि मोकळ्या खणात जाऊन भिंतीला हात लावत फिरले. घरावर कोणाचा एक पैसा नाही, हे ते आता ओट्यावरून जाणाऱ्या प्रत्येकाला सांगतात. काहींना दोनदा.

एक गोष्ट तुम्हाला कळवायची राहिली होती. घरी कोणी मला ती लिहिली नव्हती, आणि सुट्टीत मी येई तेव्हा शाळेलाही सुट्टीच असे, म्हणून कायमचा परत आल्यावर कळली. एका खणात सगळ्यांचे करायला आई एकटी पडायची, म्हणून यमुनेला दुसऱ्याच वर्षी शाळेतून काढले. तेव्हा ती चौथीत होती. ती म्हणते, मला शाळा आवडतच नव्हती. ते खोटे आहे. तिचे पुस्तक तिने पिठाच्या डब्यामागे ठेवले आहे आणि त्याची पाने पिठाने पांढरी झाली आहेत. माझ्या शिक्षणाला घर लागले नाही, आबाजी, पण तिची शाळा लागली.

तिला मी पुन्हा शाळेत घातले आहे. वय जास्त आहे म्हणून बाई घेत नव्हत्या. वडील म्हणत होते, आता लग्नाचे बघू. मी त्यांना सांगितले, आधी मी हिचे देणे लागतो. मुलींमध्ये ती सर्वांत उंच आहे, म्हणून मागच्या भिंतीशी बसते. गणितात चांगली आहे.

तुम्ही एकदा या. आईने मोकळ्या खणात तुमची बाज टाकून ठेवली आहे. यमुनेने अजून माझ्याकडे व्याज मागितलेले नाही. तुम्ही आलात तर तिला गेलेल्या वर्षांच्या व्याजाचा हिशेब दोन दिवसांत शिकवाल, हे मला माहीत आहे. तरी या.

आपला आज्ञाधारक,
विठ्ठल महादेव